उंच छताखालचा सूर

२९ सप्टेंबर, संत मिखाएलचा सण

नव्या कॅथेड्रलमध्ये आज पहिलं गायन — आणि पुरती फजिती! जुन्या बुटक्या चर्चमध्ये म्हणायचो तसंच भरभर स्तोत्र म्हटलं. पण छत इतकं उंच, की पहिला शब्द वर घुमतोय तोच पुढचे येऊन त्याच्यावर आदळले. नुसता कल्लोळ. बिशप म्हणाले, "ही प्रार्थना की मासळीबाजार?" आमचे मुख्य गायक ओब्री गुरुजी मान खाली घालून उभे.

३० सप्टेंबर

माझ्या शेजारी गाणारा तिबो वाटाण्याचं सूप भुरकत म्हणाला, "आता गायकांत काटछाट होणार. तुझ्या भसाड्या आवाजाचं काय करणार रे, एव्हरार?"

गेल्या हिवाळ्यातल्या तापात माझे वरचे सूर गेले, ते गेलेच. आणि गाण्याशिवाय मला दुसरं येतं काय?

७ ऑक्टोबर

गुरुजींनी एकट्याला बोलावलं. वाटलं, संपलं!

"खालचा सूर लाव," म्हणाले. "आणि धरून ठेव."

लावला. बापरे! कमानींनी तो उचलला, भरून घेतला. श्वासाला थांबलो तरी वर तो फिरतच होता. मग गुरुजी त्याच्यावर गायला लागले — तेच जुनं स्तोत्र, पण एकेक अक्षर लांबवत, आधीचं विरू देत. कुठे म्हणून टक्कर नाही!

"इथे धावायचं नाही. ही वास्तू आपल्याबरोबर गाते, तिला वेळ द्यायचा. आणि तुझा सूर तिला आवडतोय."

मला रडूच फुटलं.

"रडू नकोस रे, सूर हलतो!"

१ नोव्हेंबर, सर्व संतांचा सण

आम्ही दोघांनी गायलं. शेवटचा सूर विरला तरी बिशप डोळे मिटूनच होते.

बाहेर तिबोनं बाही ओढली. "मला शिकवशील? तसा सूर धरायला?"

शिकवीन म्हटलं. देवा, त्या तापाबद्दलसुद्धा तुझे आभार.

१९ नोव्हेंबर

कडाक्याची थंडी. खोकला. पण गातोय!

२५ डिसेंबर, नाताळ

आवाज गेला. पूर्ण. माझ्या जागी तिबो उभा राहिला, आणि मी जन्मात पहिल्यांदा खाली, लोकांच्या गर्दीत. वरून सूर उतरला. शेजारच्या विणकर बाईनं न बघताच माझा हात घट्ट धरला.

आम्ही हे गात होतो? मला कधी ऐकूच आलं नव्हतं!