राक्षसाचे सुळे

३ फेब्रुवारी
पान परत आलं! तिसऱ्यांदा. संपादकबाईंचा फोन — "अहो, तुमचा राक्षस देवमाणूस वाटतो. राणी त्याच्या गुहेत जाते ती काय गप्पा मारायला?" इतके दिवस त्याचं तोंड सावलीत ठेवून निभावलं. आता चेहरा हवा. शुक्रवारपर्यंत जमला नाही तर चित्रमालिका बंद. सहा वर्षांची मालिका!

४ फेब्रुवारी
चार चेहरे काढले, चारही फाडले. शिंगं जमतात. राणीची उघडी पाठ तर डोळे मिटून काढेन. त्याचं तोंड काढायची वेळ आली की माती खाते.

वाचक लिहितात, आम्हाला अंधार हवा. कळतं मला. उजेडात सगळे शहाण्यासारखे वागतात — भाजी आणलीस का, बिल भरलंस का. गुहेत मात्र कुणीतरी आहे ज्याला ती हवी आहे, फक्त तीच, आणि तो ते लपवत नाही. ती घाबरते, तरी आपल्या पायांनी जाते. मोठ्या माणसांसाठी काढते मी हे. मला लाज नाही. लाज घरातल्याला आहे.

५ फेब्रुवारी
नवरा कवळ्या बनवतो. दिवसभर लोकांची तोंडं घडवतो आणि माझ्या टेबलापाशी आला की मान फिरवतो. आज नणंदेने विचारलं, "वहिनी काय काढते रे हल्ली?" म्हणाला, "मुलांची पुस्तकं." मी तिथेच उभी होते!
हॉलमधल्या सोफ्यावर झोपतो, त्यालाही वर्ष झालं. कारण काय, तर म्हणे पाठ दुखते.

६ फेब्रुवारी
भांडण. "एकदा तरी नीट बघ!" म्हणत पान त्याच्या नाकासमोर धरलं. बघितलं त्याने. बराच वेळ. मग म्हणाला, "सुळे चुकलेत. एवढे लांब असले तर तोंड मिटणार नाही याचं." आणि गेला कामाला.
सहा वर्षांनी पाहिलं आणि पाहिलं काय — दात! रडूच आलं मला.

७ फेब्रुवारी
बरोबर आहे त्याचं. तोंड मिटत नाही, म्हणूनच राक्षस सारखा हसतोय असं वाटतं. दिवसभर खोडत बसले. उद्या शुक्रवार. जमत नाही, जमत नाही, जमत नाही!

८ फेब्रुवारी, सकाळ
टेबलावर, ब्रशांच्या शेजारी, दातांवर चढवायची एक वरची कवळी. गुलाबी हिरडी, दोन लांब, बाकदार सुळे. चिठ्ठी नाही. घाईने तोंडात घालून आरशापुढे गेले. सैल होते, खाली घसरते.
माप त्याच्या स्वतःच्या तोंडाचं आहे.