शिवणाच्या बाईंचं वय

८ जानेवारी १९९०
संस्थेच्या नियमांत मी शिक्षिका नाही म्हणे! मी ‘विशेष शिक्षक’. शिवण, चित्रकला, संगीत — आम्ही विशेष, म्हणून अठ्ठावन्नला घरी. गणित-भूगोलवाले साठला. चौतीस वर्षं झाली या शाळेत आणि हे मला हेडक्लार्कच्या टेबलापाशी उभ्याउभ्या कळावं! “नियम जुनाच आहे बाई, तुम्ही वाचला नाहीत.” कशाला वाचीन? आमच्यातलं आजवर कुणी या वयापर्यंत पोचलंच नव्हतं.
तीस एप्रिल शेवटचा दिवस.

९ जानेवारी
शिपाई काशीराम चहा ठेवता ठेवता म्हणाला, “बाई, आमी शिपाई साठला जानार नि तुमी अठ्ठावनला? मंग मीच जास्त शिकलेला हाय!” स्टाफरूम हसली. मीही हसले. घरी येऊन रडले.

१७ जानेवारी
आशालता भूगोल शिकवते. माझ्याहून पाच महिन्यांनी मोठी, नोव्हेंबरातच अठ्ठावन्न पूर्ण झाली. ती राहणार, मी जाणार. तिचे यजमान दोन वर्षं अंथरुणाला खिळलेले, लेकीचं, रेवाचं, शिक्षण अर्ध्यावर. घर तिच्या एकटीच्या पगारावर. तिला नोकरी हवीच. मला तिचा हेवा वाटत नाही.
वाटतो. थोडा वाटतो.
गेल्या वर्षी ती रजेवर होती, तेव्हा सातवीला अक्षांश-रेखांश मीच शिकवले — कापडावर उभ्याआडव्या टिपा घालून! तेव्हा मी विशेष नव्हते?

२ फेब्रुवारी
अर्ज लिहिला. आम्हालाही साठ करा, एवढंच. सह्यांसाठी सगळ्यांपुढे फिरले. “बघू हं बाई.” “उगाच आमच्यावर रोष कशाला?” एकीने तर खालच्या आवाजात, पण मला ऐकू येईल असं — “शिवण काय, क्लासवालीही शिकवते.” हिच्या लेकीचं परकर-पोलकं मी शिवलेलं!
सही एकीचीच मिळाली. “आण गं इकडे,” आशालता म्हणाली. “पेन तरी चालतंय का तुझं?”

१६ फेब्रुवारी
नववीला काज शिकवलं. चिरनेर गावची समीक्षा तीनदा उसवून चौथ्यांदा घेऊन आली. “आता बगा, बाई.” सुरेख! पुण्याला कॉन्व्हेंटात सिस्टर आग्नेस आमची काजं उजेडापुढे धरून पाहायच्या. सत्तरी उलटली होती, हात कापायचे, पण सुईत दोरा स्वतःच ओवायच्या. वय विचारायची कुणाची छाती नव्हती. किती सुखाचं होतं ते सगळं!

३ मार्च
संस्थेने बोलावलं. आशालता सोबत आली. चिटणीस कृष्णकांतराव गोड हसून म्हणाले, “बाई, शिवणाला बोर्डाचा पेपर असतो का? आता आराम करा. नातवंडांत रमा.”
“मला नातवंडं नाहीत,” मी म्हटलं. “आणि तुमच्या शर्टाचं बटण लोंबतंय.”
त्यांचं हसू गेलं. आशालताने माझा हात दाबला, पण मी थांबले नाही. चौतीस वर्षांचं सगळं तोंडाशी आलं होतं. “नियम एकच करा! साठ करा नाहीतर अठ्ठावन्न करा, पण सगळ्यांना एकच!”
कृष्णकांतरावांनी ते वाक्य लिहून घेतलं. म्हणजे लागलं कुठेतरी!
जिन्यात आशालता म्हणाली, “अठ्ठावन्न कशाला काढलंस गं?”
“अगं, बोलण्याची पद्धत असते.”
ती घराकडे वळली. मी मात्र वडाळे तळ्यापर्यंत ताठ मानेने चालत गेले.

१५ मार्च
उत्तर नाही.

२७ मार्च
पाडवा. आशालताकडे जेवले. यजमानांना तिने श्रीखंड भरवलं. “साठ झाले की दोघी एकदमच सुटू,” म्हणाली. “तोवर रेवाही मार्गी लागेल.” खूप दिवसांनी हसत होती.

९ एप्रिल
संस्थेचं पत्र आलं. अर्ज मान्य! ‘सर्व शिक्षकांस समान न्याय.’ यंदापासून सगळेच अठ्ठावन्नला. ज्यांची अठ्ठावन्न आधीच उलटली, तेही याच तीस एप्रिलला.
आशालता यजमानांना डॉक्टरांकडे घेऊन गेली होती, शाळेत नव्हती. मुख्याध्यापिकाबाईंनी तिच्या नावाचं पाकीट माझ्या हातात दिलं. “तुम्हीच सांगा त्यांना,” म्हणाल्या. “शब्द तुमचेच आहेत.”