बाबांचं जाळं आणि तुझा अंगठा

ती. आईस, नाशिकहून रुपालीचा नमस्कार. आपला धाकटा भूपेश हे वाचून दाखवेल. माझी तब्येत चांगली आहे, जेवण वेळेवर होतं.

बाबा गेल्यावर त्यांच्या कर्जासाठी गोंडपिपरीहून फायनान्सवाला आला आणि कर्ज तुझ्या नावावर करायला कागदावर अंगठा मागू लागला, ते भूपेशने फोनवर सांगितलं. तू त्याला पाणी दिलंस, बाबांचं मासेमारीचं जाळं नि डोंगा दाखवलास आणि म्हणालीस, "त्याईचं मागं एवढंच रायलं. लागते तं ने बाबू. माया आंगठा नाई भेटणार."

मी इथे घाबरून हप्ता भरायला निघाले होते. आधी वकिलांना विचारलं. ते म्हणाले, गेलेल्या माणसाने मागे ठेवलं तेवढ्यातूनच वसुली होते; घरचे जामीन नसतील तर त्यांच्या कमाईतून नाही. घरही तुझ्याच नावावर आहे. मी फी देऊन जे शिकले, ते तू ओसरीत उभ्याउभ्या सांगितलंस. मी सहसा कौतुक करत नाही, पण हे लिहून ठेवते.

तलावात पाणी किती आहे? तुझा गुडघा दुखतो का अजून?

तो माणूस आता भूपेशला एकट्याला गाठेल. भूपेश, तू भिडेला पडतोस. म्हणून पुढची ओळ मोठ्याने वाच:

"आईला विचारल्याशिवाय मी कोणत्याही कागदावर सही करणार नाही."

आई, ऐकू आलं ना?

तुझी,
रुपाली