भैयाजींनी आणलेला नंबर

खापा, ता. ४ जानेवारी १९८८

चि. प्रमोदिनीस काकांचे अनेक आशीर्वाद.

कन्हान नदीवर सकाळी धुकं उतरलं, की मला अजून वर्ग ऐकू येतो. साठ मुलं एका सुरात कविता म्हणत असतात. बरं, तुझ्या प्रश्नाकडे वळतो. तुमच्या नेत्र-दवाखान्यातला एकच संगणक तिघांचं काम करील असा म्हणे प्रोग्राम आहे. त्याला परवान्याचा नंबर लागतो आणि तुमच्या दवाखान्यातले कारकून भैयाजी तो कुठूनसा मिळवून देतात. अगं, आमच्या शाळेत कवितेचं पुस्तक एकच होतं. सगळ्यांनी वहीत उतरवलं, तरी मूळ पुस्तकातली ओळ कमी झाली नाही. खुशाल घे.

माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझा शालिकरामकाका

नागपूर, ता. २३ फेब्रुवारी

ती. काकांस शि. सा. न. वि. वि.

नंबर महिनाभर छान चालला. खाप्याच्या मोतीबिंदू-शिबिरात ऑपरेशन झालेल्या बेचाळीस जणांची नावं, गावं, टाके काढायच्या तारखा मी त्यातच भरल्या आणि कागद बंबात घातले. काल पडद्यावर आलं, नंबर नमुन्यापुरता होता, मुदत संपली. काहीच उघडत नाही. कंपनीने फोनवर परवाना कोणाच्या नावावर ते विचारलं. मी फोन ठेवला. भैयाजी म्हणतात, काहून घाबरून राहिली वं, दुसरा आणतो. पण तारखेची कार्डं याच आठवड्यात जायला हवीत. डॉक्टरांना कसं सांगू?

आपली,
प्रमोदिनी

खापा, ता. ९ मार्च

चि. प्रमोदिनीस,

माझी तार मिळताच तू डॉक्टरांना सारं सांगितलंस, बरं केलंस. शिबिरातल्या लोकांना हाका मारत मी आठवडी बाजारात थाळी वाजवत फिरलो. निम्मे माझेच विद्यार्थी, हजेरीला आल्यासारखे उभे राहिले. एकेचाळीस सापडले. रंभाबाई तेवढ्या मौद्याला लेकीकडे होत्या. कळेपर्यंत डोळ्यात पू झाला. उजवा डोळा गेला.

काल त्यांच्याकडे बसलो होतो. संत्र्याच्या बहराचा वास ओसरीभर होता. त्या म्हणाल्या, देवाची मर्जी, मास्तर. मी म्हटलं, देवाची नाही, माझी. आणि नंबराची सगळी गोष्ट सांगितली. कविता चुकली तर पोराला पुन्हा म्हणायला लावता येते, एवढंच मला आयुष्यभर ठाऊक होतं. त्या म्हणाल्या, "डाव्या डोळ्याचं आपरेशन अजून व्हायचं हाय. त्याची तारीख तुमीच ध्यानात ठेवजा."

आज आशीर्वाद लिहायला हात धजत नाही. तूच या म्हाताऱ्यावर लोभ ठेव.

शालिकराम