आखाजीची शिवी

३० एप्रिल, आखाजी (अक्षय्य तृतीया)
माहेरी, एरंडोलजवळ. दुपारी चारला नदीवर. पात्र कोरडं ठणठणीत, मधे एक डबकं, गौराई बुडेल इतपत. या काठावर कॅमेरा घेऊन मी, पलीकडच्या काठावर मैत्रीण नीलिमा. तिचा धुळ्यात लग्नाच्या शूटिंगचा धंदा, ऐन सीझनमध्ये एक दिवस माझ्यासाठी काढला. दर अर्ध्या तासाला ऐकवलं तिनं.

गौराई पाण्यात सोडली आणि दोन गावांच्या बायका दोन काठांवरून सुटल्या. "तुन्या मिश्या जळोत!" "तुनं मढं निंघो!" आणि बाकीच्या, ज्या लिहायला इथं हात अडतो. (का अडतो? घराघरात बाप्ये सकाळ-संध्याकाळ देतात, त्यांची जीभ अडते का?) वर्षातून एक दिवस ही मोकळीक. आखाजीची शिवी लागत नाही म्हणतात, म्हणून कुणी मनावर घ्यायची नाही.

मंगलाअक्का, माझी चुलतबहीण, नदीपलीकडच्याच गावात दिलेली. म्हणजे आज माहेरच्या काठावर उभं राहून सासरला शिव्या. सगळ्यांत मोठा आवाज तिचाच. समोर बाभळीखाली तिचा जेठ, म्हणजे थोरला दीर, आप्पा, मिशीवरून हात फिरवत हसत बसलेला. ती बोलली की तिकडून टाळ्या. मीही कॅमेऱ्यामागे पोट धरून हसले. काय रंगात आलीय बया, म्हटलं.

संध्याकाळी आप्पांच्या घरून सांजोऱ्यांचं ताट आलं. दरवर्षी येतं.

३ मे, धुळे
कॉलेजला सुट्टी लागली. आता तपासायला चित्रकलेच्या वह्या नाहीत, फक्त एडिटिंग. रचना डोक्यात पक्की: दोन पडदे समोरासमोर, बघणारा मधे, नदीच्या पात्रात उभा असल्यासारखा. दोन्हीकडून शिव्या अंगावर. जळगावच्या प्रदर्शनात लावायचं. "आमच्याकडे पहिल्यांदाच व्हिडिओ आर्ट येतंय हो," तिथल्या कलामंडळाचे अध्यक्ष फोनवर म्हणाले. घरात नवा फ्रिज यावा तसा स्वर.

नी. फुटेज बघताना म्हणाली, शिवी बाप्याला, पण पडते त्याच्या आईवर नाहीतर बहिणीवर. खरंच. एक बाई मोकळी होणार तीसुद्धा दुसऱ्या बाईच्या अंगावर पाय देऊन. चीड आली. वर्गात यावर बोलायचं, असं मनाशी ठरवत होते, तोवर मंगलाअक्काचा भाग लागला. मागचा गलका कमी करून तिचा आवाज वर काढला.

तिच्या तोंडी कुणाची आई नाही. बहीण नाही. एक घाण शब्द नाही.

"आप्पा, मन्ही पूजानं कॉलेज तू बंद करं. तिना साखरपुडा तू ठराया, माले इचारं नही. तिना बापले दारूना नाद लाया नि गप बसाडं. तिले अठरा व्हवानी वाट पाही तू, पोलीस येवाले नको म्हनीसन. मन्ही आंडेरना गळा आवळी राहिना तू, आनि बठ्ठा गाव तुले देवमानूस म्हनस!"

आणि त्याच्यावर, अगदी स्पष्ट, माझं हसणं.

पाच-सहा वेळा ऐकलं. मशीन बंद केलं. पूजा, अक्काची आंडेर, एकुलती लेक, नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला धुळ्यात होती. मधे होस्टेल सोडलं असं कळलं, तेव्हा मला वाटलं अभ्यास झेपला नसेल. लग्न १ जूनला. मला पत्रिकाही आलीय, फ्रिजवर लावलीय. हजार बायांपुढे ती बाई ओरडून सांगत होती आणि आम्ही बठ्ठे टाळ्या पिटत होतो.

४ मे
अक्काला फोन. ती गोठ्यात होती, हळू बोलत होती.
"अक्का, तू हे नदीवर का बोललीस? मला एकटीला सांगायचं ना."
"व बहीन, घरमा बोलनी ते तोंड फोडतस. आखाजीले बोलनी ते हासतस. मी बोलू कथा?" कुठं बोलू, म्हणत होती.
व्हिडिओत ठेवू का, विचारलं.
"ठेव. पन आखाजी नही अशा दिनले दखाड. लोकेस्ले ऐकू दे."
नाव काढून टाकू? तर भडकली. "नाव काढं ते मंग काय ऱ्हायनं?"

९ मे, जळगाव
काय ऊन, भट्टीच. अध्यक्षांना लॅपटॉपवर दाखवलं. माणूस सज्जन, शिकलेला, खादीचा सदरा. आईबहिणीवरच्या शिव्यांना डोळ्यांतून पाणी येईतो हसले. "अस्सल! मातीतलं आहे!" मग चष्मा पुसत, "फक्त ते एका बाईंचं... आप्पा वगैरे. ते जरा व्यक्तिगत होतंय. तेवढं म्यूट करू या."
मी: आईवरून दिलेल्या चालतात?
"अहो, ती परंपरा."
पाटी आधीच छापून तयार. 'आखाजी: खान्देशची हास्यपरंपरा'. हास्य!! मी म्हटलं, एक अक्षर म्यूट होणार नाही आणि ही पाटी लागणार नाही. "बघू, बघू," म्हणाले, चहा मागवला. चहा न घेता उठले. बसस्टँडवर उसाचा रस घेतला. बाईनं घाण बोललेलं चालतं, खरं बोललेलं चालत नाही.

११ मे, धुळे
महिलांसाठीच्या मदतीच्या नंबरवर फोन लावला. तिकडची बाई बरी होती बोलायला. मुलगी सज्ञान, तिनं स्वतः सांगितलं तर पुढे जाता येईल, तिच्याशी बोलणं करून द्या, म्हणाली. मी चिडले. आई सांगतेय ते पुरेसं नाही का? जो तो दुसऱ्याकडे बोट दाखवतो.

संध्याकाळी नी.शी जोरात भांडण.
"तू व्हिडिओ करतेस का लग्न मोडतेस?"
"दोन्ही."
"दोन्ही एकदम होत नसतं बाई. एक काहीतरी दुसऱ्यासाठी वापरशील."
मी तिला, ती गिऱ्हाइकांच्या लग्नाच्या आल्बममध्ये चिकटवते त्या फुलपाखरांवरून टोमणे मारले. नको होतं बोलायला. पण ती तरी.

१७ मे, जळगाव
क्रमानं लिहिते.

हॉल भरलेला. पाटी तीच, हास्यपरंपरा, वर झेंडूची माळ. मी माळेसकट उपटली आणि खुर्चीखाली टाकली. अध्यक्ष हसून म्हणाले, कलावंत मंडळी तापट असतात.

दोन्ही पडदे सुरू झाले. लोक मधे उभे, इकडून शिवी आली की इकडे वळतात, तिकडून आली की तिकडे. हवं होतं तसंच. मग अक्काचा भाग आला आणि आमच्या काठाचा आवाज गेला. पडद्यावर तिचं तोंड हलतंय, गळ्याच्या शिरा ताणलेल्या, आणि शब्द एक नाही. मागून फक्त पलीकडच्या काठाच्या टाळ्या. मी स्पीकरकडे धावले. "वायर सैल झाली असेल," म्हणे. कुठली सैल? बटण खाली केलेलं.

आणि दारात अक्का उभी. तारीख मीच सांगितली होती, पण मला काही न कळवता आलेली. लग्नाचा बस्ता घ्यायला जळगावला जाते सांगून घरून निघालेली, हातात दुकानाची पिशवी. स्वतःचं मुकं तोंड बघत होती.

चपला काढल्या तिनं. (देवळात काढतो तशा. त्याचाच राग आला मला.) दोन पडद्यांच्या मधे येऊन उभी राहिली आणि बोलायला लागली. ओरडली नाही. "आप्पा, मन्ही पूजानं कॉलेज तू बंद करं..." तिथपासून सगळं. मधे एकदा घसा बसला, थांबली, पदरानं तोंड पुसलं, पुन्हा. गळा आवळतोय म्हणाली तिथं रडायला आलं तिला, ते तसंच गिळलं.

संपलं. मला वाटलं, पोचलं.

मग अध्यक्षांनी टाळ्या सुरू केल्या. सगळा हॉल. "काय अभिनय! अंगावर काटा आला!" एका बाईंनी अक्काला मिठी मारून विचारलं, तुम्ही नाटकात काम करता का? दोघी-तिघी सेल्फीला उभ्या. मी ओरडले, हे खरं आहे! हिच्या मुलीचं लग्न आहे एक तारखेला! तर त्यालाही टाळ्या. त्यांना वाटलं हाही त्यातलाच भाग.

अक्का चपला शोधत होती.

१८ मे
काल बसमध्ये बसवताना ती एवढंच बोलली, "तठे हासनात, आठे टाळ्या वाजाडतस. फरक काय शे व?" वीस वर्षं मी हेच शिकवतेय, की प्रदर्शनाच्या चार भिंतींत उभं राहून बाई बोलली की काहीतरी हलतं. काय हललं? खुर्च्या. नदीवर निदान सांजोऱ्या तरी येतात.

वर्तमानपत्रात फोटो. अक्काचा. खाली 'लोककलावंत'. पेपर फाडला.

२० मे, धुळे
कुणीतरी मोबाइलवर घेतलेलं तिचं बोलणं गावोगाव फिरतंय. नी.नेच दाखवलं. (आली, माझ्याआधी तीच बोलली. फुलपाखरांचा विषय काढला नाही.)

अक्काच्या नंबरवरून फोन. उचलला तर आप्पा. मोबाइल तिचा, आवाज त्याचा. एक शब्द वर गेला नाही माणसाचा.
"ताई, आखाजीले बोलनी, आम्ही मनावर लिधं नही. हाई जळगावले कसाले बोलनी ती? आते लोके हासत नहीत, फोन करीसन इचारतस."
म्हटलं, अक्काला द्या.
"ती कामले लागेल शे. लग्न आते पंचवीसले करी राहिनूत. तुमले आवतन शे. तुमी शिकेल लोके, जरूर या."

पाच दिवस. मी शिवी दिली. आईवरून. तोंडातून गेली तेव्हा कळलं, त्याची आई म्हणजे अक्काची सासू, जिनं अख्खा जन्म त्याच घरात मान खाली घालून काढला. फोन कधीच कट झालेला होता.

तरी एक कळलं. अख्ख्या जिल्ह्यात तिचं बोलणं ऐकणारा एकच निघाला, आणि तो आप्पा.

२२ मे
सकाळी अनोळखी नंबर. "मावशी, पूजा बोलतेय." शेजारणीच्या फोनवरून. मला रडू फुटलं. घाबरू नकोस, मी वकील बघितलाय, नी.कडे राहायची सोय आहे, कॉलेजच्या मॅडमशी बोलते, सगळं करू, असं एका दमात.

"मावशी, थांबा. तो व्हिडिओ माझ्या कॉलेजच्या ग्रुपवर आलाय. माझं नाव, माझा साखरपुडा, माझ्या बापाची दारू. तिकडे सगळ्या पोरी हळहळताहेत." मग आवाज चिरकला आणि भाषा घरची झाली. "आप्पानी माले इचारं नही. आईनी इचारं नही. तुमीबी नही इचारं, मावशी. तुमीबी नही!"

अक्काला दोनदा विचारलं होतं. नाव ठेवू का, काढू का. जिचं नाव तिला नाही. शरम वाटली, आणि राग, या वेळी पाठवायला दुसरा पत्ता नाही.

म्हटलं, चुकलं. आता विचारते. तुला लग्न नको आहे ना?

"हाऊ प्रश्नबी तुमी उत्तर घालीसन इचारी राहिनात."

मग मी गप्प बसले. पलीकडे मांडवाच्या बांबूंची ठोकाठोक, कुणीतरी कुणाला तरी दोर मागत होतं. ती म्हणाली, "थांबा, दार लावीसन येस, मंग सांगस." पावलं ऐकू आली. कडीचा आवाज. आणि फोन बंद. दहा वेळा लावला, लागत नाही. शेजारीण फोन घेऊन गेली, का कुणी काढून घेतला, कळत नाही.

नी.ची गाडी खाली उभी आहे. ती विचारतेय, कॅमेरा घेऊ का. नको म्हटलं. काय सांगणार होती ते विचारायला चाललेय. लग्न हवंय म्हणाली तर काय करायचं, ते मला माहीत नाही.