हा व्हिडिओ बघू नका

प्रिय गैबीसाब यास,

सोलापूरहून गुरप्पाचा सलाम आणि नमस्कार, दोन्ही. वैरागला लेकीकडं तुझा गुडघा कसा आहे? रुक्सानाला आशीर्वाद सांग. मी मजेत आहे, फक्त पित्त लई वाढलंय.

पत्र का लिहितोय म्हणशील, तर व्हॉट्सॲपच्या कंपनीनं माझं व्हॉट्सॲप बंद केलंय. झालं असं की, आपल्या चादर कारखान्यातल्या रिटायर मंडळींच्या ग्रुपवर कुणीतरी तो व्हिडिओ टाकला. (तोच, तुमच्या लोकांना गावातून हाकला म्हणणारा. बोलणारा कुठला कोण, त्यानं सोलापूर बघितलंय तरी का!) माझं डोकंच फिरलं. रिपोर्ट केला, काही हललं नाही. परत केला, तरी व्हिडिओ जागच्या जागी. मग आठवलं, कारखान्यात डागी चादर निघाली की आपण ती सगळ्या खात्यांत फिरवून दाखवायचो, असला माल पुढं सोडू नका म्हणून. म्हटलं, हितंही तसंच करू. फोनमधल्या झाडून सगळ्यांना (त्यात तूही आलास) तो व्हिडिओ पाठवला आणि त्याखाली लिहिलं, 'हा व्हिडिओ बघू नका.'

अय्यो, सगळ्यांनी बघितला की रे! ज्यांना पत्ता नव्हता त्यांनीही बघितला. मैंदर्गीच्या बसूनं (माझा पुतण्या, नाव काढलं घराण्याचं) माझी ओळ गाळून तो पुढं धाडला, वर मलाच शाबासकी दिली, काका आमच्यात आले म्हणून. तेवढ्यात कंपनीला जाग आली आणि विष पसरवणारा म्हणून तिनं मलाच धरलं. व्हिडिओ मोकळा फिरतोय, गुरप्पा बंद. आता सकाळी सुप्रभात कुणाला म्हणायचं? लई एकटं वाटतं बघ. तुझाही फोन लागत नाही. वैरागला रेंज नसेल.

तुझा,
गुरप्पा

ता. क. पित्ताचं खरं कारण सांगतो. तलावाजवळचा चहावाला अजून दोन हाफ चहा आणून ठेवतो. तू वैरागला राहायला गेलास, हे त्याला सांगायला माझी जीभ रेटत नाही. दोन्ही मीच पितो.

आणखी ता. क. पत्र टाकायचं राहून गेलं, तोवर काल व्हॉट्सॲप चालू झालं. सगळ्यांचे फोटो दिसतात, तुझाच दिसत नाही. रुक्सानाला फोन केला तर म्हणाली, अब्बांनी तुम्हाला ब्लॉक केलंय, काका. म्हणजे तू व्हिडिओ बघितलास, खालची ओळ वाचलीच नाहीस. एकदा ये रे. समोर बसून, त्या चहावाल्यादेखत मला शिव्या घाल. मी रिपोर्ट करणार नाही.