आक्काला आणायला गाडी नेली आहे

अण्णा,

मी गाडी घेऊन निपाणीला चालले आहे, आक्काला सासरहून आणायला. गाडी तापते म्हणून जाता येत नाही, असं तुम्ही तीन महिने म्हणताय. इंजिनातला थर्मोस्टॅट बिघडला होता. काढून उकळत्या पाण्यात टाकला, तरी तापलेलं पाणी थंड व्हायला पुढे सोडणारी त्याची झडप उघडेना. कॅम्पातल्या दुकानातून नवा आणून मीच बसवला. काल काकतीपर्यंत जाऊन आले, गाडी जराही तापली नाही.

परवाच्या पत्रात आक्कानं पुन्हा लिहिलंय, "अण्णांना सांग, इथं मला मारतात." तुम्ही ते वाचून, घडी करून ठेवून दिलंत. मला ते जमणार नाही.

तिच्या सासऱ्यांशी मी बोलेन. गल्लीतल्या लोकांनाही मीच उत्तर देईन. संध्याकाळी आम्ही दोघी येऊ, तेव्हा दार मात्र तुम्ही उघडा.

लतिका